पत्रे लिहिणारा मुलगा : कादंबरीकार अर्नेस्ट गेन्स

आज तुम्हाला एका अमेरिकन कादंबरीकाराची हकिकत सांगायची आहे. अमेरिका म्हटले की उंच इमारती, मोटारी आणि कारखाने डोळ्यांसमोर उभे राहतात. ते चित्र घटकाभर बाजूला ठेवा. ही हकिकत उसाच्या शेतातली आहे. एका मळ्यातल्या मजूरवस्तीत ती सुरू होते आणि शेवटी त्याच मळ्यात परत येते.

त्या वस्तीत आठ-दहा वर्षांचा एक मुलगा होता. वस्तीतल्या म्हाताऱ्यांना लिहिता-वाचता येत नसे. कोणाचा मुलगा शहरात नोकरीला, कोणाची बहीण दूरच्या गावी. त्यांना पत्र धाडायचे म्हणजे या मुलाला गाठायचे. म्हातारी येऊन बसे आणि सांगे, "लिही बाबा, मी बरी आहे, तूही बरी असशील." एवढे बोलून ती गप्प! दोन ओळींवर पत्र कसे पुरे होणार? मग मुलगा विचारी, बागेत काय लावले आहे, पाऊस कसा आहे, आजारी कोण आहे. तरीही कागद रिकामा राहिलाच, तर म्हातारीच्या मनात काय असेल ते ओळखून तो स्वतःच लिही आणि तिला वाचून दाखवी. तिची मान डोलली की पत्र पुरे झाले. मोबदला म्हणून खाऊ मिळे.

हाच मुलगा पुढे अर्नेस्ट गेन्स या नावाने प्रसिद्ध झाला. आपल्या पिढीतल्या मोठ्या अमेरिकन कादंबरीकारांत त्यांची गणना होते. लहानपणी दुसऱ्यांच्या वतीने पत्रे लिहिली, तेच काम आपण जन्मभर केले, असे त्यांच्या पुस्तकांकडे पाहून म्हणावेसे वाटते.

ही हकिकत नीट कळण्यासाठी थोडा मागचा इतिहास पाहू. त्याचा एक धागा आपल्या महाराष्ट्रात आहे. १८७३ साली महात्मा जोतीराव फुले यांनी 'गुलामगिरी' हे पुस्तक प्रसिद्ध केले आणि ते अमेरिकेतल्या सज्जन लोकांना अर्पण केले. तिथल्या काळ्या गुलामांना मुक्त करण्यासाठी त्या लोकांनी जो त्याग केला, त्याबद्दलचा तो आदर होता. अमेरिकेत यादवी युद्ध झाले, लाखो माणसे पडली आणि १८६५ साली गुलामगिरी कायद्याने संपली. पुण्यात बसून जोतीरावांनी त्या घटनेचे मोल जाणले होते.

पण कायद्याने सुटलेल्या माणसाचे पुढे काय झाले? बेड्या तुटल्या, पण जमीन मिळाली नाही. पोट भरायचे तर जुन्याच मालकाच्या मळ्यात राहायचे, त्याचीच जमीन अर्धेलीने करायची, बियाणे आणि मीठमिरची त्याच्याच दुकानातून उधार घ्यायची. वर्षअखेर हिशेब होई आणि कुळाच्या अंगावर बाकी निघे. हे गणित कसे असते, हे तुम्हाला मी वेगळे समजावून सांगायला नको.

पुढे मतही गेले. दक्षिणेकडच्या लुइझियाना राज्याने १८९८ साली नवी राज्यघटना केली. मत द्यायचे तर लिहिता-वाचता आले पाहिजे, नाहीतर मालमत्ता पाहिजे. पण ज्याचा बाप किंवा आजा १८६७ च्या आरंभी मतदार होता त्याला सूट! त्या दिवशी तिथल्या काळ्या माणसाला मताचा अधिकार मुळी नव्हताच, म्हणजे सूट कोणासाठी ठेवली हे उघड आहे. १८९६ साली त्या राज्यात १ लाख ३० हजार कृष्णवर्णीय मतदार नोंदलेले होते; १९०० साली ५ हजारांच्या थोडे वर उरले. शाळा वेगळ्या, आगगाडीचे डबे वेगळे, पाणी पिण्याचे नळसुद्धा वेगळे झाले.

याच लुइझियाना राज्यात, पॉइंट कूपी नावाच्या जिल्ह्यात, ऑस्कर या खेड्याजवळ रिव्हर लेक नावाचा मळा आहे. मिसिसिपी नदीने फार पूर्वी आपला मार्ग बदलला आणि जुन्या पात्राचे लांबलचक तळे होऊन राहिले. लोक त्याला 'फॉल्स रिव्हर', म्हणजे खोटी नदी म्हणतात. त्या तळ्याकाठच्या या मळ्यात १५ जानेवारी १९३३ रोजी अर्नेस्टचा जन्म झाला. त्याच्या घराण्याची ही त्या मळ्यातली पाचवी पिढी. गुलामगिरी संपून अडुसष्ट वर्षे झाली होती, तरी गुलामांसाठी बांधलेल्या खोपटांच्या त्याच ओळीत हे कुटुंब राहत होते. नऊ वर्षांचा होईपर्यंत मुलगा शेतात बटाटे काढायला जाऊ लागला. रोज होता पन्नास सेंट, म्हणजे अर्धा डॉलर.

आईबाप कामाच्या पाठीमागे असल्यामुळे मुलांना वाढवले ते एका आत्याआजीने. तिचे नाव ऑगस्टीन जेफरसन. या बाईला जन्मात कधी चालता आले नाही. ती जमिनीवरून सरपटत जाई. पण स्वयंपाक तिचा, धुणे तिचे, परसातला भाजीपाला तिचा, आणि पोर चुकले तर शिस्त लावायचे कामही तिचेच. कोणाकडून कीव करून घेतलेली तिला चालत नसे. ती कोणाकडे जाऊ शकत नव्हती म्हणून सारी वस्ती तिच्या ओसरीवर येई. तासन् तास बोलणे चाले. मुलगा पाणी आणून देई, चहा-कॉफी आणून देई आणि ऐकत बसे. गेन्स यांची खरी शाळा ही ओसरी. पुढे आपली सर्वांत गाजलेली कादंबरी अर्पण करताना त्यांनी तिचा उल्लेख केला. जिला कधी उभे राहता आले नाही, तिच्याकडूनच आपण कणा ताठ ठेवायला शिकलो, हे ऋण त्यांनी तिथे मान्य केले आहे.

दुसरी शाळा होती ती वस्तीतल्या लहानशा चर्चमध्ये भरे. शिक्षक एक, वर्ग अनेक. आणि वर्षातून पाच-सहा महिनेच. पीक निघाले की शाळा उघडायची, लावणीचे दिवस आले की बंद व्हायची. पुढे तीन वर्षे तालुक्याच्या गावी, न्यू रोड्सला, कृष्णवर्णीय मुलांच्या कॅथलिक शाळेत तो शिकला. त्यापुढे वाट बंद होती. त्याच्यासारख्या मुलासाठी जवळपास हायस्कूल नव्हते. सार्वजनिक वाचनालय होते, पण त्याला त्याचा उंबरठा ओलांडता येत नव्हता.

म्हणून १९४८ साली, पंधराव्या वर्षी, अर्नेस्ट कॅलिफोर्नियात व्हॅलेहो या गावी गेला. त्याची आई आणि सावत्र वडील तिथे कामाला होते. सावत्र वडील जहाजावर काम करीत. पोर रस्त्याच्या कोपऱ्यावर टवाळ पोरांत उभे असते हे त्यांच्या ध्यानात आले आणि त्यांनी ताकीद दिली. तेव्हा त्याच्यापुढे तीन जागा होत्या: सिनेमा, व्यायामशाळा आणि वाचनालय. सिनेमाला पैसे नव्हते. व्यायामशाळेत एका मुष्टियोद्ध्याने त्याला चांगला चोप दिला. राहिले वाचनालय! गेन्स ही गोष्ट हसत हसत सांगत. पण विचार करा, सोळा वर्षांचा होईतो ज्याने वाचनालय आतून पाहिलेच नव्हते, त्याला एकदम इतकी पुस्तके दिसली तेव्हा काय वाटले असेल?

तो खेड्यावरची पुस्तके शोधू लागला, कारण त्याला घरची आठवण येत होती. दक्षिणेकडच्या गोऱ्या लेखकांच्या पुस्तकांत काळी माणसे होती, पण ती त्याच्या ओळखीची नव्हती. आत्याआजीसारखे त्यांत कोणी नव्हते. शोधता शोधता हाती लागले ते रशियन लेखक: तुर्गेनेव्ह, टॉल्स्टॉय, चेकॉव्ह. रशियातही शेतावर बांधलेली भूदास माणसे होती. त्यांची सुटका १८६१ साली झाली, अमेरिकेच्या चारच वर्षे आधी. तुर्गेनेव्हने आपल्या 'शिकाऱ्याची टिपणे' या पुस्तकात त्या खेडुतांना माणसे म्हणून रंगवले होते, थट्टेचा विषय म्हणून नव्हे. या पोराने ओळखले की खेडूत असा लिहिता येतो. आपल्या लोकांवर मात्र असे कोणी लिहिलेले नाही. तेव्हा ते आपणच लिहिले पाहिजे.

त्याने लगेच कादंबरी लिहायला घेतली. आईने भाड्याने टाइपरायटर आणून दिला. पुस्तकासारखे दिसावे म्हणून त्याने कागद मधोमध कापले. बाड तपकिरी कागदात गुंडाळले, दोरीने बांधले आणि थेट न्यूयॉर्कच्या प्रकाशकाकडे धाडले. ते साभार परत आले. त्याने ते परसात नेऊन जाळून टाकले. पण गोष्ट जळली नाही. तीच गोष्ट पुन्हा पुन्हा लिहून १९६४ साली 'कॅथरीन कारमिए' या नावाने प्रसिद्ध झाली, आणि ती त्यांची पहिली कादंबरी ठरली. मधल्या पंधरा वर्षांत त्यांनी सैन्यात नोकरी केली, १९५७ साली सॅन फ्रान्सिस्को येथे पदवी घेतली आणि पुढे स्टॅनफर्ड विद्यापीठात लेखनाची शिष्यवृत्ती मिळवली.

त्या कादंबरीमागे एक प्रसंग आहे, तोही सांगण्यासारखा आहे. १९६२ साली गेन्स मित्रांबरोबर मेक्सिकोला जाण्याच्या बेतात होते. दूर कुठेतरी शांतपणे लिहावे, असा विचार होता. त्याच वर्षी जेम्स मेरेडिथ हा कृष्णवर्णीय तरुण मिसिसिपी विद्यापीठात नाव दाखल करायला गेला. दंगल उसळली, सैन्य आणावे लागले, तरी तो मागे हटला नाही. गेन्स यांच्या मनाला ते लागले. हा पोरगा तिथे एकटा उभा राहतो, आणि मी तिथल्याच माणसांवर लिहिणारा पळून जातो! मेक्सिकोचा बेत रद्द झाला. जानेवारी १९६३ मध्ये ते लुइझियानात परतले, सहा महिने नातलगांत राहिले, जुनी बोली पुन्हा कानांत भरून घेतली. मग अडलेली कादंबरी पुरी झाली.

आता त्यांच्या दोन मोठ्या पुस्तकांकडे वळू.

पहिले, १९७१ साली आलेले 'मिस जेन पिटमन यांचे आत्मचरित्र'. नावात आत्मचरित्र असले तरी ही कादंबरी आहे. एकशेदहा वर्षांच्या एका म्हातारीकडे इतिहासाचा शिक्षक टेपरेकॉर्डर घेऊन येतो. साल १९६२. ज्या पुस्तकांवरून तो वर्गात शिकवतो त्यांत या बाईचा आणि तिच्यासारख्यांचा पत्ता नाही, ही त्याची अडचण. म्हातारी सांगू लागते. कुठे विसरली तर शेजारीपाजारी भर घालतात.

जेन गुलामगिरीत जन्मली. युद्धाच्या अखेरीस एका उत्तरेकडच्या शिपायाने तिचे गुलामीतले नाव बदलून तिला नवे नाव दिले. मालकिणीने जुन्या नावाने हाक मारली तर पोरगी ओ देईना. तिला फटके पडले, पण नाव तिने सोडले नाही. सुटका झाल्यावर ती उत्तरेकडे, ओहायो राज्याकडे चालू लागली. वाटेत बरोबरच्या माणसांची कत्तल झाली. ती आणि नेड नावाचे एक लहान पोर तेवढे वाचले. ओहायो तर लांबच, जेनला लुइझियानाची हद्दही कधी ओलांडता आली नाही. नेडला तिने मुलासारखे वाढवले. तो शिकला, शिक्षक होऊन परत आला, शाळा बांधायला निघाला आणि त्यापायीच त्याचा खून झाला. पुढे वस्तीत जिमी नावाचा मुलगा वाढतो. तो म्हाताऱ्यांना वर्तमानपत्र वाचून दाखवतो आणि त्यांची पत्रे लिहून देतो! हा कोण, ते तुम्ही ओळखले असेल. नागरी हक्कांच्या चळवळीत जिमीही मारला जातो, आणि मळेमालकाचा धाक न मानता एकशेदहा वर्षांची जेन घराबाहेर पडते.

हे लिहिण्यासाठी गेन्स यांनी खूप धुंडाळले. १९३६ ते १९३८ या काळात अमेरिकन सरकारने, जे कोणी एकेकाळी गुलाम होते अशा दोन हजारांहून अधिक वृद्धांच्या तोंडून आठवणी लिहून घेतल्या होत्या. त्या त्यांनी वाचल्या. आधी कादंबरीची मांडणी वेगळी होती. जेन वारल्यावर लोक जमतात आणि तिच्याविषयी बोलतात, अशी. पण तिच्याविषयी सगळे बोलतात आणि ती गप्प, हे त्यांना पटेना. त्यांनी सगळे बाजूला सारले आणि जेनलाच बोलू दिले. ती इतकी खरी उतरली की पुस्तक निघाल्यावर एका वृत्तसाप्ताहिकाने तिचे छायाचित्र मागितले! १९७४ साली दूरचित्रवाणीवर त्याचा चित्रपट झाला आणि त्याला एमी पुरस्कार मिळाले, तेही एकूण नऊ.

दुसरे पुस्तक १९९३ चे. त्याच्या नावाचा अर्थ 'मरणाआधीचा धडा' असा होतो. गुरुजन हो, ही कादंबरी तुमची आहे. काळ १९४८ च्या आसपासचा. जेफरसन नावाचा एक कृष्णवर्णीय तरुण दरोड्याच्या वेळी दुकानात हजर असतो. गोळीबारात गोरा दुकानदार मरतो. याने कोणाला मारलेले नाही, पण पंच सगळे गोरे. त्याला वाचवण्यासाठी त्याचाच वकील कोर्टात सांगतो की हा माणूस नाहीच, हे डुक्कर आहे. डुकराला कोणी विजेच्या खुर्चीत बसवते का? शिक्षा मृत्यूचीच होते. त्याला वाढवणाऱ्या म्हातारीला ठाऊक आहे की तो आता वाचणार नाही. तिचे मागणे एकच: त्याने डुक्कर म्हणून मरू नये, माणूस म्हणून मरावे. आणि हे काम ती मळ्यातल्या शाळामास्तराला सांगते.

मास्तर ग्रँट विगिन्स काही आदर्श गुरुजी नाही. वर्षातून साडेपाच महिन्यांची शाळा, गोऱ्या मुलांनी वापरून टाकलेली पुस्तके, अधिकाऱ्याची तपासणी, या सगळ्याला तो कंटाळला आहे. शिकवून काही होत नाही, अशी त्याची खात्री झाली आहे. तो नाखुषीने तुरुंगात जातो. जेफरसन बोलत नाही, डुकरासारखा जमिनीवर तोंड घालून खाऊन दाखवतो. मग मास्तर त्याला एक लहानसा रेडिओ नेऊन देतो. कोठडीत माणसाचा आवाज येऊ लागतो. शाळेतली मुले शेंगदाणे पाठवतात. शेवटी मास्तर एक वही आणि पेन्सिल देतो. व्याकरण धड नाही, विरामचिन्हे नाहीत, अशा भाषेत जेफरसन त्या वहीत लिहू लागतो, आणि लिहिता लिहिता त्याचा तो माणूस होत जातो. त्याच्या मरणानंतर ती वही मास्तराच्या हाती येते. मास्तर वर्गापुढे उभा राहतो आणि रडतो. धडा कोणी कोणाला शिकवला?

या कादंबरीमागेही खरा इतिहास आहे. १९४६ साली लुइझियानात विली फ्रान्सिस नावाच्या कृष्णवर्णीय किशोराला विजेच्या खुर्चीत बसवले होते. ही खुर्ची मालमोटारीत घालून गावोगाव नेत. त्या दिवशी यंत्र बिघडले आणि तो जिवंत राहिला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, पण १९४७ साली त्याला पुन्हा त्याच खुर्चीत बसवण्यात आले. गेन्स त्या वेळी चौदा वर्षांचे, त्याच राज्यात होते.

मोठे सन्मान मिळाल्यावर माणसे शहरात राहतात. गेन्स लुइझियानात परतले. लाफायेत येथील विद्यापीठात त्यांनी अनेक वर्षे तरुणांना लेखन शिकवले. मग २००४ च्या सुमारास त्यांनी रिव्हर लेक मळ्याच्या जमिनीवरच घर बांधले. जिथे त्यांचे पूर्वज गुलाम होते आणि जिथे ते स्वतः रोजावर बटाटे काढत, तिथे आता ते जमीनधारक होते. ज्या जुन्या चर्चमध्ये त्यांची शाळा भरे, ती इमारत त्यांनी आपल्या आवारात हलवून आणली आणि दुरुस्त केली. मळ्यातल्या मजुरांचे कब्रस्तान उसात बुडून जाण्याच्या मार्गावर होते. तिथे कितीतरी थडग्यांवर नावसुद्धा नाही. गेन्स आणि त्यांच्या पत्नीने लोक जमवून ती जागा राखली. दरवर्षी दूरदूरची कुटुंबे येऊन तिथले गवत काढू लागली, थडगी रंगवू लागली. ५ नोव्हेंबर २०१९ रोजी, वयाच्या ८६ व्या वर्षी, गेन्स वारले. त्याच भूमीत, त्या बिननावाच्या लोकांशेजारी, त्यांना ठेवले आहे.

पुढे २०२३ साली अमेरिकन टपालखात्याने गेन्स यांचे तिकीट काढले. म्हाताऱ्यांची पत्रे लिहिणाऱ्या पोराचा चेहरा पत्रांवर आला!

श्रोते हो, गुलामगिरी कधी संपली, त्याचे साल पुस्तकात सापडते. पण सुटलेल्या बाईने नवे नाव कसे जपले, ती किती चालली आणि कुठे अडली, हे कोणत्या दप्तरात सापडणार? ते म्हाताऱ्या माणसांच्या तोंडात असते आणि त्यांच्याबरोबर जाते. आपल्या गावातही दुष्काळ आठवणारी, कुळकायद्याच्या वेळचे हाल पाहिलेली, पहिल्यांदा शाळेची पायरी चढलेली माणसे आहेत. दरसाल त्यांतली काही कमी होतात.

म्हणून शिक्षक बंधुभगिनींनो, एक विनंती करतो. येत्या सुट्टीत मुलांच्या हाती एक एक वही द्या आणि त्यांना ओसरीवर पाठवा. आजी जशी बोलेल तसे लिहू द्या. तिची भाषा सुधारू नका. ती विसरली तर शेजारच्या आजोबांना विचारायला सांगा. आणि लिहून झाले की तिला वाचून दाखवायला सांगा. तिची मान डोलली म्हणजे ते बरोबर झाले, असे समजा.